हंगामी गोंदा आणि महाराजांचं ताट

“उद्यापासून यायचं नाही!” असं दिवाण अमृतरावांनी फर्मावलं, तेव्हा गोंदाच्या तोंडात महाराजांच्या बासुंदीचा घोट होता. उत्तर द्यावं तर बासुंदी सांडते, न द्यावं तर चाकरी जाते. गोंदानं आधी बासुंदी गिळली. त्याच्या आयुष्यातले सगळे निर्णय असेच होत आले होते.

गोंदाचं काम एकच. महाराजांच्या ताटातला प्रत्येक पदार्थ आधी आपण चाखायचा आणि मग महाराजांचं जेवण होईपर्यंत जिवंत राहायचं. मिसरूड फुटल्यापासून तो हेच करत होता, तरी चाकरी हंगामीच! दर वर्षी निर्जळी एकादशीला महाराज पाण्याचा थेंबही घेत नसत. नेमके त्याच दिवशी दिवाणजी गोंदाला काढून टाकत आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा ठेवून घेत. चाकरीत खंड पडला नाही तर माणूस कायम होतो, आणि कायम माणसाला जन्मभर घर द्यावं लागतं. यंदा गोंदानं भीतभीत म्हटलं, “मला कायम करा.” दिवाणजींनी त्याला कायमचं काढलं.

“आता वाड्यामागची खोली जानार!” बायको सगुणा कडाडली. “तुमाला दुसरं येतंय तरी काय?”

“जेवाया येतंय की.”

“त्ये म्हशीला बी येतंय!”

हे गोंदाला पटलं. नांगर धरावा तर पोट आडवं येई, ओझं उचलावं तर वाकता येत नसे. म्हैस निदान दूध तरी देत होती. अशा माणसाला दुसरीकडे कोण ठेवून घेणार? त्याच्या डोळ्यांत पाणी आलं.

“रडताय काय? महाराजांकडं दाद मागा! आजवर घास घ्यायला त्वांड उघडलंत, आता बोलायला उघडा!”

दुसऱ्या दिवशी भर दरबारात गोंदाची फिर्याद निघाली. दिवाणजींनी उपरणं झटकलं.

“महाराज, हा विष चाखणारा माणूस! आज आहे, उद्या नाही. असल्याला कायम कोण करतं?”

महाराज मोठे हट्टी. अट घालायची संधी त्यांनी कधी सोडली नव्हती. मिशीवरून हात फिरवत ते म्हणाले, “गोंदा, उद्याच्या ताटानं तू मरणार नाहीस, हे आत्ता इथं सिद्ध कर. केलंस तर कायम! नाहीतर सूर्य मावळायच्या आत खोली रिकामी कर!”

दरबारात कुजबुज सुरू झाली. उद्याचं कुणी सांगावं? राजज्योतिषांनीसुद्धा हळूच पंचांग मिटलं. गोंदाची आपली समजूत अशी, की देवानं त्याला डोकं दिलं ते तोंड बसवायला जागा हवी म्हणून. पण पोटावरच पाय आला, तेव्हा तेही चालायला लागलं.

“महाराज, म्या अडानी मानूस. माझ्या मरनाची पक्की खबर दिवाणजींस्नी हाय. त्यांनाच इचारू का?”

“विचार!”

“दिवाणजी, म्या मरनार त्यो कशानं?”

“विषानं! आणखी कशानं?”

“आन् इष येनार कुठनं?”

“मुदपाकखान्यातून!”

“आन् मुदपाकखाना कुनाच्या हुकमात हाय?”

दिवाणजींचा हात झटकन कमरेकडे गेला. मुदपाकखान्याच्या किल्ल्या त्यांच्याच कमरेला लटकत होत्या. महाराजांनी आधी किल्ल्यांकडे पाहिलं, मग दिवाणजींकडे.

“छे, छे, महाराज! माझ्या देखरेखीखाली विष? शक्यच नाही! हा गोंदा चांगला म्हातारा होऊन, नातवंडं खेळवून मरेल!”

“ऐकलंत, महाराज? झालं शिद्ध!”

दरबार खदखदला. पण महाराज इतक्यात हार मानतात होय?

“वा! विष कधी येणारच नसेल, तर चाखणारा हवा कशाला? जा, खोली रिकामी कर!”

दिवाणजींच्या जिवात जीव आला.  गोंदानं हात जोडले.

“खरं हाय, महाराज. माझ्यावाचून काय बी अडत न्हाई. माझ्या कामाला अक्कल लागती कुठं? नुसतं त्वांड लागतंय, आन् त्ये दिवाणजींस्नी बी हाय! भर दरबारात त्यांनी हमी दिलीया. तवा उद्यापास्नं पयला घास त्यांनीच घ्यावा!”

दिवाणजी पांढरेफटक पडले.

“मी? मला... मला वैद्यांचं पथ्य आहे! महाराज, चाखणारा हवाच! बारा महिने तेरा काळ हवा! एका दिवसाचाही खंड पडता कामा नये!”

“बगा, महाराज,” गोंदा म्हणाला, “चाखनारा रोज पायजे, असं दिवाणजी म्हनत्यात. गोंदा मरत न्हाई, असं बी दिवाणजीच म्हनत्यात. आता ह्यात हंगामी काय ऱ्हायलं, त्येवढं तुमी सांगा!”

महाराज इतके हसले, की मंदील कपाळावर आला.

“लिहा सनद! गोंदा आजपासून कायम! घर त्याच्या नावे करा, आणि चाखायला चांदीची वाटी द्या! आणखी काय हवं रे?”

“निर्जळी एकादशीचं त्येवढं सांगा, महाराज. त्या दिशी म्या काय चाखू?”

“उपास माझा आहे, तुझा नाही! त्या दिवशी खास तुझ्यासाठी ताट करू.” आणि पुन्हा पोट धरून हसत महाराज दिवाणजींकडे वळले. “पण गोंदा आता कायम माणूस, त्याच्या जिवाला जपायला हवं! दिवाणजी, त्या दिवशी त्याचं ताट आधी तुम्ही चाखायचं!”