कायद्यात नसलेला शब्द

एकदा एका वृद्ध न्यायाधीशाने भर चौकात चाबूक हाती घेतला आणि सारा गाव हादरला. गोष्ट अमेरिकेतली, त्या देशाने इंग्लंडच्या राजाचं राज्य झुगारून फार वर्षं झाली नव्हती तेव्हाची. न्यायाधीश मूळचा शेतकरी. लढाई पेटली तेव्हा नांगर सोडून त्याने बंदूक उचलली, आणि गावच्या तुकडीने त्याला आपला कप्तान निवडलं. लढाई संपल्यावर लोकांनी त्याला विधिमंडळात धाडलं आणि म्हातारपणी न्यायासनावर बसवलं. त्याच्याकडे एक तरुण शिष्य कायदा शिकत असे. शिष्य हुशार होता, आणि हुशार माणसाला असते तेवढी घाईही त्याला होती.

एके दिवशी एझ्रा नावाच्या माणसाला चोरीच्या आरोपावरून समोर उभं केलं. थंडीत घरात खायला काही उरलं नाही, म्हणून त्याने गावच्या व्यापाऱ्याच्या कोठारातून खारवलेलं मांस पळवलं होतं. गुन्हा त्याने कबूल केला. पण हा एझ्रा कप्तानाच्या तुकडीतला. लढाईत जखमी झालेल्या कप्तानाला पाठीवर घेऊन त्याने नदी ओलांडली होती, हे गावातल्या पोरासोरांनाही ठाऊक होतं.

"आपला तो बाब्या," व्यापारी शेजाऱ्याच्या कानात पुटपुटला. "सुटणार बघा."

न्यायाधीशाने शिष्याला कायदा वाचायला सांगितला. शिष्याने खणखणीत आवाजात वाचला: चोराला खांबाला बांधून चाबकाचे वीस फटके मारावेत.

"तीच शिक्षा," न्यायाधीश म्हणाला.

एझ्राला चौकातल्या खांबाला बांधलं. शिपाई पुढे झाला, तोच न्यायाधीशाने अंगातला कोट उतरवला आणि त्याच्यापुढे हात पसरला. "चाबूक इकडे आण."

शिष्याचा जीव भांड्यात पडला. त्याला वाटलं, गुरुजी आता चाबूक मोडून फेकणार. पण म्हाताऱ्याने हात उगारला आणि ज्या पाठीने त्याला नदीपार नेलं होतं, त्याच पाठीवर फटका ओढला. काही बायकांनी तोंडं फिरवली. पाच-सहा फटक्यांनंतर रक्त आलं, तसा व्यापारी पांढराफटक पडला.

"पुरे! माझी काही तक्रार नाही! पुरे करा!"

"कायद्यात 'पुरे' हा शब्द नाही," म्हातारा धापा टाकत म्हणाला. "विधिमंडळात हा कायदा मीच मांडला. तो शब्द घालायचा मीच विसरलो." आणि शेवटचा फटका मारूनच तो थांबला.

मग त्याने स्वतः दोर सोडला आणि आपला कोट एझ्राच्या खांद्यावर टाकला. एझ्रा त्याच्याकडे बघत राहिला. "कप्तान," तो म्हणाला, "लढाईत तुझा हात कधी थरथरला नव्हता." एवढं बोलून तो घराकडे चालू लागला. त्याने म्हाताऱ्याला माफ केलं की नाही, हे कुणालाच कळलं नाही.

शिष्याला संताप आवरेना. "मी चाललो, गुरुजी! असा न्याय मला शिकायचा नाही. ज्याने तुमचा जीव वाचवला, त्याला सोडता आलं नाही तुम्हाला?"

"आलं असतं," न्यायाधीश म्हणाला. "गाव वाहवा करत घरी गेला असता आणि कायदा होता तसाच राहिला असता. मग पुढच्या उपाशी चोराने काय करायचं? तो कुठे न्यायाधीशाला पाठीवर घेऊन नदी ओलांडून आलाय? हा कायदा मी मांडला, विधिमंडळात हात वर केला आणि मोकळा झालो. बाळा, हात वर करायला काही लागत नाही. फटके मारायला दुसराच कुणी असतो, आणि खायला तिसरा. कायदा केवढा जड आहे, ते मला आज कळलं. फार उशिरा कळलं, आणि त्याची किंमत एझ्राने मोजली. उद्या मी राजधानीला जातो. हा कायदा मोडीत काढल्याशिवाय परतायचं नाही." थोडं थांबून त्याने विचारलं, "तू एवढ्या खणखणीत आवाजात वाचलास तो. वाचताना काही जड लागलं का रे?"



दुसऱ्या दिवशी शिष्य गुरूला सोडून गेला नाही. गुरूच्या घोड्याला खोगीर त्यानेच चढवलं. राजधानीत एका सभासदाने हसत विचारलं, "स्वतः आणलेला कायदा स्वतःच मोडीत काढता?" म्हाताऱ्याने उजवा हात मेजावर ठेवला. तो अजून थरथरत होता. "या हाताने त्या कायद्याचे वीस फटके मारलेत," तो म्हणाला. तो कायदा त्या अधिवेशनात रद्द झाला.

पुढे शिष्य स्वतः विधिमंडळात निवडून गेला. मतदानाच्या वेळी सगळ्यांचे हात वर व्हायचे आणि हा कागदावर डोळे लावून बसलेला असायचा. सोबती चिडायचे, "अहो, चला आता! काय शोधताय एवढं?"

"एक शब्द," तो म्हणायचा. "मागे एकदा राहून गेला होता."