बहिऱ्या आसरेनं दिलेल्या वाटा

एकदा काय झालं, डोंगराच्या कुशीत एक मळा होता. मळ्यात एक घर, एक विहीर आणि दोन भाऊ. थोरला केरबा, धाकटा हैबती. लग्नं दोघांचीही व्हायची होती. आईबाप देवाघरी गेले आणि यांची भांडणं सुरू झाली. विहीर कोणाची? माझी. घर कोणाचं? तेही माझंच! मेले कोंबड्यांसारखे भांडायचे. मामानं समजावलं, गावानं समजावलं, राजानं समजावलं. पण ऐकतील तर शपथ!

त्या विहिरीत एक आसरा राहायची. आसरा म्हणजे पाण्यातली देवी, बरं का. होती मायाळू, पण म्हातारपणानं बहिरी झालेली. एके सकाळी दोघं काठावर गेले आणि ओरडले, "आई, आमचा आमचा वाटा दे!"

तिला ऐकू आलं नुसतं 'वाटा'. तिला वाटलं, पोरांना रस्ते हवेत! म्हणाली, "वाटा होय? घ्या की, लेकरांनो."

मग काय! घराच्या पुढच्या दारातून एक वाट फुटली, ती केरबाची. मागच्या दारातून दुसरी, ती हैबतीची. आणि मधली भिंत वाढत वाढत आढ्याला भिडली.

केरबाला आधी बरं वाटलं. म्हणाला, सुटलो एकदाचा! मग सण आला. त्यानं पुरणपोळ्या केल्या आणि भावाला बोलवायला निघाला. वाट वळली, वळली, आणि तिनं त्याला त्याच्याच दारात आणून सोडलं. मग तो कुंपणातून घुसला. पुन्हा आपलंच दार. मग त्यानं जिवाच्या आकांतानं हाक मारली, "हैबती रे!" हाकसुद्धा फिरून त्याच्याकडेच आली. पोळ्या बैलांनी खाल्ल्या. सोयरे येईनात. येतील तरी कुठून? तापानं फणफणला, तर घोटभर पाणी द्यायला कुणी नाही. एकटा गं, अगदी एकटा. रडतेस काय वेडे? ऐक पुढं.

शेवटी तो विहिरीवर गेला. तेवढी एकच जागा दोघांच्या वाटांवर होती, पण तिथंही भाऊ काही दिसायचा नाही. पाण्याशी तोंड नेऊन मोठ्यानं ओरडला, "आई, मी हिस्सा मागितला होता गं!"

"अगं बाई!" आसरेनं कपाळावर हात मारला. "आता दिलेलं मला परत घेता येत नाही. तुम्ही दोघांनी आपापल्या मनानं काही सोडलंत, तरच सुटाल. एकट्यानं सोडून भागायचं नाही."

केरबा वाकून विहिरीत बोलला, "पहिलं पाणी हैबतीचं." काही झालं नाही. मग तो रोज यायचा, रोज तेच बोलायचा, आणि कान लावून बसायचा. कितीतरी उन्हाळे गेले. मग एकदा पाण्यातून आवाज आला, "दादा, घर तू घे. मला मागची पडवी पुरे."

"पडवी कशाला, वेड्या? अर्धं घर तुझं."

"मग पाणी पाळीनं घेऊ. आज तू, उद्या मी."

"ठरलं!"

ठरलं म्हणताच दोन्ही वाटा एकमेकींत मिसळल्या. समोरून काठी टेकत एक म्हातारा आला. केरबाला म्हणाला, "आजोबा, माझा दादा दिसला का हो कुठं?"

 केरबानं आपल्या पांढऱ्या दाढीवरून हात फिरवला. "अरे, मीच तो," म्हणाला.

मग उरले तेवढे दिवस दोघं एका चुलीवर जेवले, सुखानं राहिले. झाली गोष्ट. आता मिटा डोळे. आणि ती गोधडी कशाला ओढताय दोन्हीकडून? जवळ सरका. पुरते ती दोघांना.