तानाईचा खांब

सलग तीन वर्षं आभाळ कोरडं गेलं, तेव्हाची ही गोष्ट. सरकारनं बोरजाईच्या माळावर तलावाचं दुष्काळी काम काढलं. काम सगळ्यांना सारखं, अशी दवंडी फिरली. दवंडीच ती! गावातल्या टोळ्यांना मऊ माती मिळाली आणि गावकुसाबाहेरच्या टोळीला टणक मुरूम.

खणताना प्रत्येक टोळी मधे जमिनीचा एक खांब मापासाठी तसाच सोडायची. खांब जितका उंच, तितकी खोदाई, आणि तितकीच ज्वारी.

गावकुसाबाहेरच्या टोळीत तानाई होती. वयानं वाकलेली, पण पहार हातात आली की खमकी. घरी तिची लेक सोनाई ओली बाळंतीण, पोटात अन्न नाही म्हणून तिला दूध येईना. दिवसभर मरमर खणून तानाईच्या पदरात ओंजळभर ज्वारी पडायची. एका दुपारी तिला कारण दिसलं. टोळी सावलीला गेली की मुकादमाचा माणूस यायचा आणि त्यांच्याच खांबाचा माथा तासून जायचा.

दुसऱ्या दिवशी तानाई खांबावरच चढून बसली.

"ए म्हातारे, उतर खाली!" मुकादम ओरडला.

"नीट माप घ्या, मग उतरते."

आता आली का पंचाईत! तिला ओढावं तर विटाळ, तासायला जवळ जावं तर तिची सावली. मुकादमानं मापच बंद केलं, ज्वारीही बंद केली. टोळी उपाशीपोटी खणत राहिली. असं म्हणतात, तीन दिवस तानाई उन्हात बसून होती, आणि तिच्याखाली खांब वाढत होता.

चौथ्या दिवशी मोठा साहेब घोड्यावरून आला. त्यानं माप घ्यायला लावलं. काठी पुरेना. काठीला काठी बांधली, तरी पुरेना, असं म्हणतात. घरटी पाटीभर ज्वारी मिळाली.

"तानाई, माप झालं गं, उतर!" टोळीनं हाक मारली. ती बसल्या जागीच कधीची मरून गेली होती. त्या दिवशी सोनाईनं घुगऱ्या शिजवल्या, आणि खाताना ती ढसाढसा रडली.

पुढं तलाव भरला. ज्यांनी मुरूम फोडला, त्यांना पाणी मात्र बांधाखालच्या डबक्यातून भरायला सांगितलं. खांब काही विरघळला नाही.

अजून दर चैत्रात पाणी ओसरलं की तिच्या वस्तीतल्या बाया काठी घेऊन जातात. खांब मोजतात, माथ्यावर मूठभर ज्वारी ठेवतात आणि म्हणतात, "माप झालं गं तानाई, आता उतर." मग थोडा वेळ वाट बघतात. गावातली माणसंही येतात बघायला. अजून काठावरूनच बघतात.