पेवकऱ्याची पावती

एकदा एका नदीकाठच्या हळदीच्या पेठेत एक वृद्ध वकील राहत होते. गाव त्यांना तात्या म्हणे. त्यांच्या हाताखाली एक तरुण शिष्य वकिली शिकत होता. कायद्याची कलमे त्याला इतकी पाठ होती, की कलमांच्या बाहेरही जगात काही घडते याचा त्याला अद्याप पत्ता नव्हता.

त्या गावी हळद जमिनीखाली साठवीत. चिकट मातीत दोन पुरुष खोल खड्डा, आत गवत आणि चटया, तोंड मातीने लिंपलेले. याला पेव म्हणत. दोन-तीन वर्षे माल आत राही आणि कोणाच्याही दृष्टीस पडत नसे. तरी त्याचे सौदे होत. पेव राखणारा पेवकरी म्हणे, "माल बरा आहे," आणि तेवढ्यावर खरेदी-विक्री चाले. पावती मागणे हा अपमान समजला जाई.

आणखी एक रीत होती. पेव उघडल्याबरोबर कोणी आत उतरत नसे. कोंडलेल्या हवेने माणूस मरतो. आधी दोरीने कंदील सोडीत. तो विझला, की पेव उघडेच ठेवून दुसऱ्या दिवशी पुन्हा सोडीत. कंदील जळत राहिला, तर माणूस उतरे.

भूपालअण्णा तिथले चाळीस वर्षांचे पेवकरी. एकदा त्यांनी राखलेले, एका व्यापारी शेटजींच्या मालाचे पेव उघडले, तर तळाची हळद काळी पडलेली. पेवाला पाझर लागला, की शेटजींनी मालच ओलसर भरला होता, हा खरा प्रश्न होता. अशा वेळी पेठेतली चार जुनी माणसे पेवाच्या तोंडाशी बसून, माती आणि माल हातात घेऊन निवाडा करीत. पण त्या आठवड्यात भाव चढला होता आणि शेटजींना धीर नव्हता. ते तात्यांकडे आले.

"दिवाणी दावा लावला, तर निकाल कधी लागेल?"

"तुमचा नातू वाचायला शिकला, की त्याच्याकडून वाचून घ्या."

"मग फसवणुकीची फिर्याद देतो. पोलीस दारात आले, की अण्णा स्वतः भरपाई घेऊन येतात बघा."

"फसवणूक म्हणजे माल ठेवून घेतानाच मनात खोट हवी, शेटजी. तीन वर्षांपूर्वी अण्णांनी पाझराशी ठरवून ठेवलं होतं का?"

"ते कोर्ट बघेल. मला काय, जरा दाब द्यायचाय."

तात्यांनी चष्मा काढला. "पेव उघडलं, की तुम्ही लगेच आत उतरता?"

"मरायचंय का मला? आधी कंदील सोडतो."

"मग भांडण कालच उघडलंय. चार दिवस हवा लागू दे त्याला."

शेटजी हसले आणि समोरच्या वकिलांकडे गेले. त्यांच्याकडे कंदील नव्हता, टंकलेखक होता. तासाभरात फिर्याद तयार झाली.

दुसऱ्या दिवशी भर बाजारात, हमालांच्या देखत, भूपालअण्णांना जीपमध्ये बसवले. चढताना त्यांचा पटका सुटला. तो कोणी उचलावा यावर पेठेत बराच वेळ कोणाचेच एकमत झाले नाही.

ते चार दिवस कोठडीत होते. त्यांना जामिनावर सोडवून तात्यांनी उच्च न्यायालयात अर्ज केला. अडीच वर्षांनी निकाल आला. हा निव्वळ व्यापारी वाद असून त्याला गुन्ह्याचा पोशाख चढवला आहे, असे सांगून न्यायालयाने फिर्याद रद्द केली. शेटजींचीही हरकत नव्हती. भाव केव्हाच उतरला होता. "माझा त्यांच्यावर राग कुठं होता?" असे ते कोर्टाच्या ओसरीवर म्हणाले, आणि ते खरेच होते. राग असता, तर निदान तो त्यांच्या लक्षात राहिला असता.

शिष्याने पेढे आणले. तात्यांनी पेढा घेतला नाही. त्यांनी बाजारात जाऊन सात पोती हळद विकत घेतली. त्यांच्या घरी वर्षाला दोन किलो लागे. शिष्य चकित झाला, पण गाडीवर बसला.

भूपालअण्णांच्या नऊ पेवांपैकी आठांवर गवत माजले होते; एकाचेच तोंड त्यांनी साफ ठेवले होते. अडीच वर्षांत कोणी एक पोतेसुद्धा ठेवले नव्हते. अण्णा उंबऱ्यावर बसले होते.

"अण्णा, सात पोती आहेत. ठेवून घ्या," तात्या म्हणाले. "पावती नको."

अण्णा उठले, आत गेले आणि एक नवे कोरे पावतीपुस्तक घेऊन आले. प्रत्येक पोत्यात हात घालून त्यांनी माल चोळून पाहिला. शेजाऱ्याच्या पोराच्या मोबाइलवर साती पोत्यांचे फोटो काढून घेतले. मग पुस्तक पुढे धरले.

"सही करा, वकीलसाहेब. माल कोरडा दिला, असं लिवा."

"माझ्यावरही विश्वास नाही?"

"तुमच्यावर हाय की." अण्णांची नजर खाली होती. "रागाला येऊ नगा. माझा माझ्यावर ऱ्हायला न्हाई. 'माल बरा हाय' म्हणाय तोंड उघडतो, आन् वाटतं, खरंच बरा हाय का?"

तात्यांनी सही केली आणि पावती घडी घालून खिशात ठेवली.

परतताना शिष्य म्हणाला, "तात्या, पावती मागितली हे बरंच झालं. आपण अशिलांना हेच तर सांगतो. आणि आपण खटला जिंकलाय. मग तुम्ही असे खिन्न का?"

तात्या म्हणाले, "दफ्तरात चुकीचा शब्द रद्द करताना कारकून काय करतो? खरवडत नाही. वरून एक आडवी रेघ मारतो. खालचा शब्द वाचता आला पाहिजे, असा नियमच आहे. आपण अडीच वर्षं खपून आणली, ती अशी रेघ. हवीच होती, ती नसती, तर हा म्हातारा तुरुंगात गेला असता. पण खालचा शब्द पेठ वाचते. पेठ विसरेलही एक दिवस. मला वाटलं होतं, सात पोती ठेवली की तो शब्द पुसला जाईल. तो आता अण्णाच वाचत बसलेत, हे मला ठाऊक नव्हतं."

पुढे तात्या गेले. शिष्याची स्वतःची वकिली चालू लागली. संतापलेला व्यापारी फिर्याद घेऊन आला, की तो म्हणे, "चार दिवसांनी या." काही जण पुन्हा आले नाहीत. काही समोर गेले. समोर आता दोन टंकलेखक होते.

एका वर्षी तो सात पोती सोडवायला गेला. अण्णा फार थकले होते. पेव उघडून त्यांनी कंदील सोडला. तो विझला. दुसऱ्या दिवशी जळत राहिला. हळद वर आली ती अशी पिवळी, की हमालही थांबून पाहू लागले.

"माल बरा आहे, अण्णा," शिष्य म्हणाला.

अण्णांनी पुस्तक पुढे केले. "त्येवढं लिवून द्या," ते म्हणाले.

शिष्याने लिहून दिले.