रुमालाखालचा भाव

फार पूर्वीची गोष्ट म्हणा नाहीतर परवाची म्हणा, एक डोंगर होता आणि त्या डोंगरावर ढग मुक्कामाला येत असत. दिवस कलला की ते एकेक करून खाली उतरायचे, झाडांच्या फांद्यांवर अंग टाकायचे आणि ऊन वर आल्याशिवाय उठायचे नाहीत. त्यामुळे तिथली सकाळ नेहमी पांढरी असायची. समोरून माणूस आला तर आधी त्याचा खोकला ऐकू यायचा आणि मग तो दिसायचा.

त्या गारव्यात स्ट्रॉबेरी फार सुरेख पिकायची. डोंगराच्या वरच्या अंगाला एक गाव आणि खालच्या अंगाला दुसरं. दोन्ही गावांत घरापुढे, घरामागे, बांधावर, जिथे ओंजळभर माती असेल तिथे स्ट्रॉबेरीचे वाफे. फळ मात्र भारी नाजूक. सकाळी तोडलेलं दुपारपर्यंत मार्गी लागलं नाही, तर संध्याकाळी त्याला पाणी सुटायचं.

या दोन गावांत दोन सख्ख्या बहिणी दिल्या होत्या. थोरली वरच्या गावात, धाकटी खालच्या गावात.

दोन्ही गावांच्या मधोमध एक सपाट कातळ होता. आठवड्यातून एकदा पहाटे तिथे बाजार भरायचा. राजधानीचा एक व्यापारी बैलगाड्या घेऊन यायचा. गाड्यांत ओलं, थंडगार शेवाळ पसरलेलं असायचं आणि त्यावर निजून डोंगराची फळं राजधानीला जायची. दुसरं गिऱ्हाईक डोंगराला ठाऊकच नव्हतं.

त्या बाजाराची एक रीत होती. तिथे भाव कुणी तोंडानं बोलत नसे. व्यापारी आपल्या हातावर एक मोठा लाल रुमाल टाकायचा, विकणाऱ्यानं रुमालाखाली हात घालायचा आणि व्यापारी त्याची बोटं दाबायचा. जितकी बोटं दाबली तितका भाव. ज्याचं त्याला कळायचं, शेजारच्याला नाही. कारण डोंगरावरची म्हातारी माणसं सांगत आली होती, "भाव तोंडानं काढला की फळ ऐकतं, आणि ऐकलं की आंबतं." हे पहिल्यांदा कुणी सांगितलं, कुणी आंबलेलं पाहिलं, हे मात्र कुणालाच माहीत नव्हतं.

थोरलीनं रुमालाखाली हात घातला की व्यापारी तिची पाचही बोटं दाबायचा आणि तिच्या कानाशी लागून म्हणायचा, "राजधानीत मागणीची झुंबड उडाली आहे, बाई. पण हा भाव फक्त तुला हो. कुणाकडे बोलू नकोस."

थोरली हसत घरी जायची. तिला हसताना पाहून बाकीच्यांना वाटायचं, चला, आपल्यालाही बरंच मिळालं असणार.

त्या पैशांतून थोरलीनं घराला काचेची खिडकी बसवली. डोंगरावरची पहिलीच. पूर्वी ढग तिच्या घरात शिरायचे, चुलीपाशी घोटाळायचे आणि पोरांच्या पांघरुणात गुंडाळून झोपायचे. आता ते बाहेरून काचेला गाल लावून उभे राहत. थोरली आतून बोटानं त्यांच्या गालावर रेघा ओढायची.

एके दिवशी ढग लवकर उठले आणि खिडकीतून खालचं गाव स्वच्छ दिसलं. थोरली बघते तर धाकटी आपल्या वाफ्यांत वाकून रोपं उपटत होती.

थोरली तशीच पायवाटेनं धावत उतरली.

"चिमे! अगं, हे काय चालवलंयस?"

"दिसतंय ना. उपटतेय," धाकटी मान वर न करता म्हणाली.

"भर हंगामात?"

"हंगाम तुझा, आक्का. माझ्या फळाला कोण विचारतंय? शेठ म्हणतो, राजधानीत आवक नुसती धो-धो, मालाला उठाव नाही, आणि त्यातून तुझं फळ जरा आंबटच."

धाकटीचा नवरा बांधावर बसून कुदळीची मूठ ठोकत होता. तो म्हणाला, "आक्का, तुमची माती म्हणजे माहेर. आमची म्हणजे सासू. कितीही राबा, नावंच ठेवणार."

"मग आता?"

"आता काय! एवढा बाजार करायचा आणि चंबूगबाळं उचलायचं," धाकटी म्हणाली. "खाली पठारावर कापूस वेचायला बायका लागतात म्हणे. तिथे ढग नसतात. नसू देत."

थोरली तिच्याजवळ वाकली. ती हळूच म्हणाली, "चिमे, तुला बोटं किती मिळतात गं?"

धाकटीनं दचकून शेजारच्या टोपलीवर पदर टाकला. "वेड लागलंय का तुला? फळं ऐकतील ना!"

थोरली परत चढ चढू लागली.  एकाच डोंगराची माती, एकाच ढगाचं पाणी. रोपंसुद्धा एकाच आईनं दोघींच्या ओटीत घातलेली. मग राजधानीत तिच्या फळाला मागणी आणि धाकटीच्या फळाला मंदी, असं कसं? ती वाटेत थांबली. उत्तर तिला ठाऊक होतं. फार दिवसांपासून ठाऊक होतं. खिडकी लावताना ती काच डोक्यावरून वाहून आणली होती ना, तेव्हाच ती वजनापेक्षा जड लागली होती.

पण बोललं तर? पाचही बोटं जातील. वरून फळ आंबलं तर सगळा डोंगर तिला शिव्या घालेल. आणि नाही बोललं, तर खिडकीतून रोज एक रिकामा उतार दिसेल.

त्या संध्याकाळी ढग आले आणि काचेला गाल लावून उभे राहिले. थोरलीनं त्या दिवशी रेघा ओढल्या नाहीत. तिनं खिडकी उघडली. ढग आत आले आणि जुन्या ओळखीनं चुलीपाशी जाऊन बसले.

बाजाराचा दिवस उजाडला. कातळावर धुकं इतकं दाट होतं, की माणसं नुसती सावल्यांसारखी हलत होती. टोपल्यांतली लाल फळं मात्र धुक्यातही दिसत होती. जणू कुणीतरी जागोजागी निखारे ठेवले होते.

"ये, बाई," व्यापारी म्हणाला. "तुझ्याच वाटेकडे डोळे लागले होते."

थोरलीनं रुमालाखाली हात घातला. व्यापाऱ्यानं पाचही बोटं दाबली. ती दाबलेली बोटं तिनं तशीच वर उचलली. रुमाल घसरला आणि कातळावर पडला. हात डोक्याच्या वर धरून थोरली ओरडली, "मला पाच बोटं! ऐका हो, मला पाच!"

बाजार गारठला.

"अगं बये, काय केलंस हे!" कुणीतरी पुटपुटलं.

एका म्हाताऱ्यानं घाईघाईनं डोक्यावरचं पागोटं सोडून आपल्या टोपलीला गुंडाळलं, टोपली काखेत मारली, मोकळ्या हातानं एक कान आणि खांद्यानं दुसरा झाकला. "माझ्या फळाला ऐकवू नका रे! माझं फळ अजून कोवळं आहे!" असं म्हणत तो झाडीत पळाला.

मग धुक्यात दुसरा एक हात वर गेला. हळूहळू, जणू पाण्यातून वर यावा तसा. त्याची दोनच बोटं उघडली होती. तो धाकटीचा हात होता. त्यानंतर आणखी एक हात. दोन बोटं. मग एक तीन बोटांचा. पुन्हा दोन. धुक्यात माणसं दिसत नव्हती, नुसते हात दिसत होते. पांढऱ्या शेतात बोटांचं पीक उगवल्यासारखं वाटत होतं. आणि प्रत्येक जण आयुष्यात पहिल्यांदा शेजाऱ्याची बोटं बघत होता.

व्यापाऱ्यानं रुमाल उचलून झटकला. "दुसऱ्याच्या ताटात डोकावणाऱ्याला आपलं जेवण गोड लागत नाही," तो थंडपणे म्हणाला. "ठेवा तुमची फळं. बघू कोण घेतं." त्यानं गाड्या वळवल्या. रिकामं शेवाळ घेऊन गाड्या निघून गेल्या आणि बैलांच्या घुंगरांचा आवाज धुक्यात विरून गेला.

धाकटी थोरलीसमोर येऊन उभी राहिली.

"तुला पाच मिळत होती?"

"हो."

"आणि मला कमी मिळत असणार, हे ठाऊक होतं तुला?"

थोरलीनं मान खाली घातली. "खिडकी आली तेव्हापासून."

 धाकटीनं वाकून थोरलीच्या टोपलीतलं एक फळ उचललं आणि डोळे मिटून खाल्लं. मग आपल्या टोपलीतलं एक खाल्लं. पुन्हा एक तिकडचं, पुन्हा एक इकडचं. तिच्या मिटलेल्या डोळ्यांतून पाणी आलं.

"सारखीच आहेत," ती म्हणाली. "सारखीच आहेत आणि मी उपटत सुटले."

त्या दिवशी डोंगरावरच्या पोरांनी पोट फुटेस्तोवर स्ट्रॉबेरी खाल्ल्या. एरवी चांगली फळं बाजारासाठी आणि ठेचलेली घरासाठी, असाच तिथला रिवाज होता. आपल्या डोंगराची खरी चव कशी असते, हे पुष्कळांना त्या दिवशी कळलं. पण एवढी फळं किती खाणार? दुपारी ऊन तापलं, टोपल्यांना पाणी सुटलं आणि कातळभर आंबूस वास पसरला.

"बघा!" माणसं म्हणू लागली. "म्हातारी माणसं उगीच नव्हती सांगत. भाव बोलला आणि फळ आंबलं!"

धाकटीच्या नवऱ्यालाही तसंच वाटलं. थोरलीला तर खालचा कातळ दुभंगावा असं वाटलं. गर्दी तिच्याभोवती गोळा होत होती.

इतक्यात झाडीतून तो म्हातारा आला. त्याच्या काखेत टोपली होती, टोपलीला पागोटं तसंच गुंडाळलेलं आणि पागोट्यावर मुंग्यांची रांग लागलेली. त्यानं सगळ्यांसमोर टोपली सोडली. आतली फळंही तशीच आंबली होती.

म्हातारा डोकं खाजवत म्हणाला, "मी माझे कान झाकले, टोपलीचे झाकले, पार ओढ्यापलीकडे जाऊन बसलो. यानं तर काहीच ऐकलं नाही. मग हे का आंबलं?"

 धाकटी म्हणाली, "दुपार तापली म्हणून, आजोबा."

"एवढंच?"

"एवढंच."

म्हातारा आधी खुदकन हसला, मग त्याला हसू आवरेना. "अरे, जन्मभर मी फळापासून भाव लपवला," तो म्हणाला, "आणि त्यात फावलं कुणाचं, तर जो भाव ठरवतो त्याचं!" त्याच्या हसण्यानं दुसरा हसला, मग तिसरा. पण त्या हसण्यात थोडी लाजही होती.

पुढच्या बाजारी ना व्यापारी आला, ना रुमाल. विकणारा आपला भाव या टोकाला बोलला की तो त्या टोकाला ऐकू जाई. मीठ विकायला येणारे, मेंढ्या घेऊन जाणारे, वाटसरू, सगळे तो ऐकत आणि डोंगराखाली नेत. मग खालून नवी माणसं ओल्या शेवाळाच्या गाड्या घेऊन चढू लागली. कुणी बंदराच्या गावाचं, कुणी देवळांच्या, कुणी विणकरांच्या. राजधानी सोडूनही जगात इतकी गावं आहेत आणि तिथल्या लोकांनाही गोड आवडतं, हे डोंगराला तेव्हा कळलं.

एकानं तीन बोटं दाखवली, दुसऱ्यानं चढाओढ केली आणि भाव चारवर ठरला. वरच्या गावाला चार आणि खालच्या गावालाही चार. थोरलीचं एक बोट कमी झालं. ते तिला टोचलं. खोटं कशाला बोला?

धाकटी पठारावर गेली नाही. थोरलीनं आपल्या वाफ्यांतली नवी रोपं तिला नेऊन दिली. धाकटीनं रोपं घेतली, मुळांवरची माती नीट दाबून ती लावली, पण थोरलीला बस म्हटलं नाही आणि पाणीही विचारलं नाही. "आक्का" ही हाक तर तिच्या तोंडून गेलीच होती. थोरलीनं ते निमूट सोसलं.

असे बरेच बाजार गेले. मग एका पांढऱ्या सकाळी घुंगरं वाजली. राजधानीचा व्यापारी परत आला होता. तिथले लोक स्ट्रॉबेरी मागून मागून त्याचं डोकं खात होते. त्यानं थोरलीला बाजूला बोलावलं, इकडे तिकडे बघितलं आणि रेशमाचा एक नवा रुमाल काढला.

"बाई," तो कुजबुजला, "बोटं पाचच असतात, म्हणून नाइलाज. पण पाच बोटं आणि वर ही अंगठी. फक्त तुला. फक्त जरा हळू बोल."

रुमालाखाली अंगठी गार आणि गुळगुळीत लागली. थोरलीनं एकदा डोळे मिटले. मग हात मागे घेतला आणि धुक्याकडे तोंड करून, छातीत होता नव्हता तेवढा श्वास भरून ओरडली, "शेठ, जरा मोठ्यानं बोला! माझ्या बहिणीला ऐकू येत नाहीये!"

 आणि मग धुक्याच्या पार त्या टोकाकडून आवाज आला,

"आलं गं, आक्का! आलं ऐकू!"

तात्पर्य: 'फक्त तुझ्यासाठी' म्हणून जे कानात सांगितलं जातं, त्याची किंमत आपलंच कुणीतरी चुकवत असतं. म्हणून जे खरं आहे, ते आपल्या माणसांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं बोलावं.