एक शिंक, सात घरफोड्या

एका शहरात माहितीपट काढणारा एक दिग्दर्शक राहत होता. त्याचं नाव निरंजन गोठोस्कर. शहराचा इतिहास त्याला पाठ होता, पण त्यातले सज्जन त्याला कंटाळवाणे वाटत. म्हणून त्याने जुन्या गुन्ह्यांवर माहितीपट काढायला घेतला. तो पसंत पडला, तर शहराच्या संग्रहालयात रोज दाखवला जाणार होता.

शोधता शोधता त्याला पोलिसांकडची एक जुनी ध्वनिफीत मिळाली. एके काळी गाजलेल्या सात घरफोड्यांच्या संशयावरून पकडलेल्या विठू मोगरेची तीत चौकशी होती. फौजदार एकेका घरफोडीबद्दल विचारत होते आणि विठू सांगत होता, "नाही साहेब. तिथे गच्चीवरून उतरावं लागतं. मला उंचावर चक्कर येते." शेवटी फौजदारांनी थकून विचारलं, "मग जोश्यांचा पितळी हंडा?"

"होय साहेब," विठू म्हणाला आणि बोलता बोलताच शिंकला.

एका हंड्यावर माहितीपट निघत नाही. निरंजनने ते एकुलतं एक "होय साहेब" उचललं आणि सातही प्रश्नांपुढे चिकटवलं. मागे ढगांचा गडगडाट घातला.

संकलन करणाऱ्या मालिनीबाई म्हणाल्या, "अहो, हा प्रत्येक वेळी शिंकतोय."

"मग शिंक कापा."

"ती 'साहेब'मध्येच अडकलीय. शिंक काढली तर साहेबही जातात."

"राहू द्या. चोराला सर्दी होत नाही की काय?"

विठू अजून हयात होता. हंड्यापुरती शिक्षा भोगून आल्यावर त्याने छत्र्या दुरुस्त करायचं दुकान टाकलं होतं. आळीतले लोक गावाला जाताना घराची किल्ली त्याच्याकडे ठेवत. जन्मभराची त्याची कमाई ती एवढीच. खराखुरा चोर हजर असला की कार्यक्रमाला शोभा येते, म्हणून निरंजनने त्याला पहिल्या रांगेत बसवलं. म्हाताऱ्याला ऐकू कमी येतं, असं त्याला कुणीतरी सांगितलं होतं.

पडद्यावर पहिलं "होय साहेब" झालं आणि सभागृह शहारलं. विठूच्या शेजारणीने, सुमतीकाकूंनी, खुर्ची जरा दूर सरकवून हात पुढे केला. "विठूकाका, आमची किल्ली द्या बघू."

विठूने कमरेची किल्ली काढून दिली.

दुसऱ्या घरफोडीला पडद्यावरचा आवाज पुन्हा शिंकला. तिसऱ्या वेळी मागून कुणीतरी हसलं. चौथ्या वेळी लोक प्रश्न संपायची वाट पाहू लागले. पाचव्या वेळी अख्खं सभागृह त्याच्याबरोबर शिंकलं. संग्रहालयाचे अध्यक्षही शिंकले, मग गंभीर झाले.

दिवे लागल्यावर त्यांनी विचारलं, "मोगरे, खरं काय ते तुम्हीच सांगा."

विठू उठला. "साहेब, त्या दिवशी मी एकदाच शिंकलो होतो. हंडाही एकच नेला होता."

मूळ ध्वनिफीत तिथल्या तिथे लावली. लोकांनी ती शेवटपर्यंत ऐकली. संग्रहालयात आता तीच ऐकवतात. माहितीपट निरंजनच्या घरी पाहायला मिळतो, बहुधा पाहुण्यांना, जेवणाआधी.

सुमतीकाकूंनी किल्ली विठूच्या हातावर परत ठेवली. "उद्या लेकीकडे चाललेय. आमचा हंडा माळ्यावर आहे हो, सांगून ठेवते."

"मग काळजी नको," विठू म्हणाला. "माळ्यावर मला चढवत नाही."

तात्पर्य: दुसऱ्याच्या तोंडी आपल्या सोयीचे शब्द घालू नयेत. खोटं कितीही बेमालूम जोडलं, तरी खऱ्याचा एखादा तुकडा त्याला चिकटून येतो आणि चारचौघांत शिंकतो.