काठावरचा धागा

ही फार जुनी गोष्ट. इतकी जुनी की तेव्हा समुद्रही थोडा कमी खारट होता. तुमचा विश्वास नसेल तर चाखलेला माणूस शोधून आणा.

एका राज्याच्या बंदरावर परदेशी कापडाची जकात घेत. जकात कापडाच्याच रूपात द्यायची. सुती असेल तर दहात एक नग, रेशमी असेल तर दहात पाच. ते ठरवायचं काम नाकेदाराचं. तो कापडाच्या काठाचा एक धागा ओढायचा, दिव्यावर जाळायचा आणि हुंगायचा. जळक्या केसांचा वास आला तर रेशीम, जळक्या पाचोळ्याचा आला तर सूत. धागा काठाचाच घ्यायचा, म्हणजे घडी उलगडावी लागत नाही, असा तिथला नियम होता.

एका परदेशी व्यापाऱ्याने हा नियम दोन फेऱ्यांत ओळखला. तिसऱ्या फेरीला त्याने अस्सल रेशमाच्या ताग्यांना सुती काठ विणून आणले. नाकेदाराने हुंगलं आणि चिठ्ठी लावली, 'सूत'.

त्याच दिवशी पलीकडच्या बेटावरून एक म्हातारी विणकरीण दहा सुती लुगडी घेऊन आली. तिच्या बेटावर बोटभर रेशमी काठ नसेल तर त्याला लुगडंच म्हणत नाहीत.

नाकेदाराने धागा जाळला. "आजी, रेशीम आहे. पाच लुगडी सरकारजमा."

"अरे बाबा, काठ बोटभर आणि अंग सोळा हात! अंगातला धागा काढ की."

"नियम काठाचा आहे."

"मग आंब्याचीसुद्धा नुसती सालच खात असशील!" म्हातारी म्हणाली. "उरलेल्या पाचांत माझं वर्षाचं सूत यायचं नाही. माग बंद पडेल रे."

नाकेदाराने पाच लुगडी ठेवून घेतली. म्हातारी दाद मागायला राजधानीत गेली.

तिथे राजाचा वाढदिवस होता. भर दुपारी मशाली घेऊन मिरवणूक निघायची. राजाची हौस, आपण काय बोलणार? मशालींना गुंडाळायला जकातीचं कापड ठेवायच्या कोठीतून सुती कापड मागवलं. कोठीवाल्याच्या हाताला ते मऊ लागलं, चमकलंही. पण चिठ्ठीवर 'सूत' होतं. त्याने डोळे मिटून फाडून दिलं.

मशाली पेटल्या आणि जळक्या केसांचा वास सुटला. राजाने झटकन मिशा चाचपल्या. मग प्रधानाने, सेनापतीने, घोड्यावरच्या प्रत्येक स्वाराने. एका न्हाव्याने तर गिऱ्हाईक अर्धवट सोडून पळ काढला.

रस्त्याकडेला उभी म्हातारी हसून म्हणाली, "महाराज, मिशा जागच्या जागी आहेत. जळतंय ते रेशीम."

वाढदिवसाला बंदरावरून आलेला नाकेदारही मिरवणुकीत मिरवत होता. राजाने त्याला पुढे ओढलं. "तू रोज हुंगतोस. सांग, कशाचा वास?"

"रेशमाचा, महाराज. पण चिठ्ठी..."

"चिठ्ठी कोणाची?"

"माझीच, महाराज. काठ सुती होता." म्हातारीने बगलेतलं लुगडं उलगडलं, मधला धागा काढून मशालीवर धरला. पाचोळ्याचा वास आला.

राजाने तिची चार लुगडी परत दिली. पाचवं म्हणजे सुताची रीतसर जकात होती. ती घेतलीच, राजा होता तो. व्यापाऱ्याच्या ताग्यांवर रेशमाची जकात बसली. नाकेदाराची नोकरी राहिली. पण तेव्हापासून तो प्रत्येक तागा स्वतः उलगडतो, मधला धागा काढतो आणि पुन्हा स्वतःच घडी घालतो. सांगतात की त्याची पाठ अजून दुखते.

तात्पर्य: आपल्या सोयीसाठी केलेली पारख लबाडाला चटकन पाठ होते आणि तिची किंमत सरळ माणूस भरतो.